न दिसलेले पाऊल

प्रेषित पौलाने करिंथ येथील मंडळीस लिहिताना शर्यतीचा दृष्टान्त घेतला आहे, हे आमच्या वाचकांस ठाऊक आहेच. करिंथ शहराजवळ इस्थमियाचे खेळ दर दोन वर्षांनी भरत असत. तेव्हा ज्यांस ते पत्र वाचून दाखविले गेले त्यांस तो दृष्टान्त परका वाटला नसेल. परंतु ती शर्यत धावण्याची होती. आज आम्हांस ज्या शर्यतीविषयी लिहावयाचे आहे ती चालण्याची आहे, आणि हा विषय आम्ही आपण होऊन काढलेला नाही. एका खेड्यात शाळा व उपासना ही दोन्ही कामे सांभाळणाऱ्या एका उपदेशकबंधूंचे पत्र आमच्याकडे आले, त्यावरून तो निघाला आहे.

पत्रातील हकीकत थोडक्यात अशी. त्यांच्या गावच्या वार्षिक मेळाव्यात मुलांच्या शर्यती लावल्या होत्या. लिंबू-चमचा झाली, तीन पायांची झाली, पोत्यात पाय घालून उड्या मारण्याची झाली, आणि शेवटी मोठ्या मुलांची चालण्याची शर्यत झाली. शाळेपासून मळ्यातल्या विहिरीपर्यंत जावयाचे व परत यावयाचे. नियम एकच, की धावावयाचे नाही. मंडळीतील दोन वडील माणसे पंच म्हणून उभी केली, एक शाळेपाशी व एक विहिरीपाशी. मधल्या वाटेवर घायपाताचे दाट कुंपण आहे आणि तेथे वाट वळते, त्यामुळे तीस-चाळीस पावलांची जागा दोघांपैकी कोणासही दिसत नाही. जो मुलगा पहिला आला त्यास नवे दप्तर व वर्षभर पुरतील इतक्या वह्या बक्षीस मिळाल्या. तिसऱ्या दिवशी तो मुलगा शाळा सुटल्यावर मागे राहिला, आणि कोणी न विचारता मास्तरांस म्हणाला, की जाताना व येताना दोन्ही वेळा आपण कुंपणाआड धावलो.

मास्तरांनी त्यास बक्षीस परत आणून देण्यास सांगितले. संध्याकाळी मुलाचा बाप तावातावाने त्यांच्या घरी आला. त्याच्या हातात मोबाइल होता. त्याने मास्तरांस ऑलिंपिकमधील चालण्याच्या शर्यतीचे एक हलते चित्र दाखविले, आणि ते इतके संथ करून दाखविले की एकेक पाऊल मोजता यावे. त्यात चालणाऱ्याचे दोन्ही पाय क्षणभर जमिनीपासून सुटलेले स्पष्ट दिसत होते. “मास्तर, जगातले मोठमोठे लोक दोन्ही पाय उचलतात आणि त्यांच्या गळ्यात पदक पडते. पंचाला दिसले नाही म्हणजे चूक नाही, हा त्यांचाच कायदा आहे. मग माझ्या पोराच्या पाठीवरचे दप्तर तेवढे तुम्ही काढून घेता?” असे तो म्हणाला. मास्तरांस उत्तर सुचले नाही. इकडे दुसऱ्या आलेल्या मुलाच्या घरी ही गोष्ट कळली, आणि त्या घरची माणसे दोन रविवार उपासनेस आली नाहीत. मास्तर विचारतात, बापाचे म्हणणे खरे आहे काय, आणि खरे असेल तर आपण मुलांस काय शिकवीत आहोत?

प्रश्न लहान दिसतो, पण तो लहान नाही. बापाने जे चित्र दाखविले ते खोटे नव्हते, हे आम्ही आधीच कबूल करतो.

आमच्या वाचकांस चालण्याची स्पर्धा ही कल्पनाच विनोदाची वाटण्याचा संभव आहे. ज्यांस दर आठवड्यास बाजारासाठी तीन-चार कोस तुडवावे लागले आहेत त्यांस कोणी पदक दिलेले नाही. तथापि ही स्पर्धा जुनी आहे. इंग्लंडात शे-दोनशे वर्षांपूर्वी पैजा लावून चालण्याचा मोठा षोक होता. १८०९ साली बार्कले नामक कप्तानाने न्यूमार्केट येथे १००० तास, दर तासास १ मैल याप्रमाणे, १००० मैल चालून १००० गिन्यांची पैज जिंकली. म्हणजे सुमारे सहा आठवडे त्यास सलग दोन तासही धड झोप मिळाली नसेल. पैसा आला तसा वादही आला. चालणे कोठे संपते आणि धावणे कोठे सुरू होते, हे ठरविल्यावाचून गत्यंतर राहिले नाही. १९०८ सालच्या लंडन ऑलिंपिकमध्ये चालण्याच्या स्वतंत्र शर्यती झाल्या, आणि १९९२ पासून स्त्रियांचीही शर्यत होऊ लागली. आपल्या देशातही हा खेळ परका नाही; १९८२ साली दिल्लीच्या आशियाई खेळांत चांद राम यांनी २० किलोमीटर चालण्यात सुवर्णपदक मिळविले, आणि २०१४ साली खुशबीर कौर यांनी त्याच अंतरात रौप्यपदक आणले.

चालण्याची व्याख्या दोन गोष्टींनी केली आहे. पहिली ही, की एक तरी पाय सदैव जमिनीस टेकलेला असावा. दुसरी ही, की पुढे टाकलेला पाय जमिनीस लागल्यापासून शरीर त्याच्यावर सरळ उभे येईपर्यंत गुडघ्यात वाकता कामा नये. ह्या दोन नियमांमुळे चालणाऱ्याची कंबर विलक्षण हलते. आपल्याकडे डोक्यावर दोन हंडे व कडेवर एक घागर घेऊन घाईने घराकडे निघालेली बाई ज्यांनी पाहिली असेल, त्यांस ती चाल पुष्कळशी ओळखीची वाटेल. त्या चालीत काय वेग साठलेला आहे, हे मात्र सहज ध्यानात येत नाही. २०१५ साली जपानच्या युसुके सुझुकी याने २० किलोमीटर, म्हणजे आपले सहा-सात कोस, १ तास १६ मिनिटे ३६ सेकंदांत तोडले. आपण साधारणतः तासाला पाच किलोमीटर चालतो. तो त्याच्या तिप्पट वेगाने चालला. त्या गतीने आपल्यापैकी बहुतेकांस दोन मिनिटे धावताही येणार नाही.

इतक्या वेगात एक पाऊल टेकणे आणि दुसरे उचलणे यांच्यामध्ये फट पडते. सेकंदाचे शंभर भाग केले तर त्यातील तीन-चार भाग दोन्ही पाय अधांतरी राहतात. हे चालणाऱ्यास कळत नाही, आणि कितीही सवयीच्या पंचास बहुधा दिसत नाही. पण कॅमेऱ्यास दिसते. छायाचित्रे जशी सुधारत गेली तसे हे उघड होत गेले. मग नियम करणाऱ्यांनी काय करावे? गेल्या शतकाच्या शेवटच्या दशकात त्यांनी नियमातच स्पष्ट घातले, की मानवी डोळ्यास दिसेल अशा रीतीने जमिनीचा संबंध सुटता कामा नये. पंचांनी आपल्या डोळ्यांनीच पाहावे. यंत्राची साक्ष घेऊ नये. आता वाचकांच्या ध्यानात येईल, की त्या बापाने कायदा चुकीचा सांगितला नव्हता. चुकीचा लावला होता, असे आमचे म्हणणे आहे, आणि ते दाखविण्यास थोडा वेळ लागेल.

काही लोक हा नियम ऐकताच म्हणतात, की हे शुद्ध ढोंग आहे. सर्वच चालणारे लबाड असून नियम त्यांच्या लबाडीवर पांघरूण घालतो. आमचे मत तसे नाही. वाचकांनी जुन्या काळची पायली आठवावी. ज्वारी मापताना पायली शिगोशीग भरावयाची की हात फिरवून सपाट करावयाची, हे देणारा व घेणारा आधी ठरवीत. ठरल्यावर शिगेवरून चार दाणे घरंगळले किंवा चार अधिक राहिले, तर त्यावरून कोणी कोणास चोर म्हणत नसे. दाणे मोजून व्यवहार करू म्हटले तर बाजार उठलाच नसता. चार दाण्यांची चूक दोघांसही ठाऊक होती, दोघांसही मान्य होती आणि दोघांसही सारखी लागू होती. परंतु जो वाणी माप भरताना आतल्या बाजूस अंगठा धरी, त्याचाही फरक कदाचित तितक्याच दाण्यांचा असे, आणि तरी त्याच्या नावाने मापात पाप ही म्हण चालत आली. फरक दाण्यांत नव्हता. अंगठा घेणाऱ्याच्या डोळ्याआड ठेवलेला होता, एवढाच फरक होता. (लिंबू-चमच्याच्या शर्यतीत लिंबावर अंगठा ठेवणारी मुले आम्ही कित्येक मेळाव्यांत पाहिली आहेत, आणि त्यांस पाहून हसणारे आईबापही पाहिले आहेत.)

तेव्हा डोळ्यास दिसेल तोच दोष, हा नियम आम्हांस ढोंगाचा न वाटता उलट प्रांजळपणाचा वाटतो. तो नियम म्हणतो, की आम्ही माणसे आहोत, आम्हांस एवढेच दिसते, आणि जेवढे दिसते तेवढ्यावरच आम्ही न्याय करू. शर्यतीत उभा राहणारा प्रत्येक जण हे जाणून उभा राहतो. ज्या निमिषार्धात पाय सुटतो त्याची त्यास स्वतःसही जाणीव नसते. आणि ज्याची जाणीव नाही ते लपविता कसे येईल?

आता ज्यास जाणीव आहे त्याची गोष्ट पाहू. १९५२ साली हेलसिंकी येथे १०,००० मीटर चालण्याची शर्यत झाली. पहिला स्वीडनचा मिकाएल्सन आला. त्याच्या मागे स्वित्झर्लंडचा फ्रिट्झ श्वाब आणि सोव्हिएत संघाचा ब्रुनो युंक हे दुसऱ्या जागेसाठी झगडत होते. शेवट जवळ आला तसे दोघेही चालणे सोडून जवळजवळ धावू लागले, आणि धावतच त्यांनी रेषा गाठली. पदके दोघांसही मिळाली. पुढच्या खेपेस, १९५६ साली, ती शर्यत ऑलिंपिकमधून काढून टाकण्यात आली व तिच्या जागी रस्त्यावरून २० किलोमीटर चालण्याची शर्यत घालण्यात आली. येथे सेकंदाच्या शतांशाचा प्रश्न नव्हता. आपण चालत नाही, धावत आहोत, हे त्या दोघांच्या पायांस कळत होते. प्रत्येकाने शेजाऱ्याकडे पाहून स्वतःस सूट दिली असावी, असा आमचा तर्क आहे. शेजारी धावतो म्हणून मी धावतो, हे कारण इतके जुने आहे की ते आपण स्वतः किती वेळा दिले हे मोजणे कठीण.

ह्यावरून आम्हांस एक खूण सापडते, आणि ती मास्तरांनी त्या बापास सांगावी. पाय किती सुटला हे पाहू नये. पंच दिसताच चाल बदलते की काय, हे पाहावे. सुझुकीसारखा चालणारा पंचापुढून जाताना जसा चालतो तसाच दोन पंचांमधल्या मोकळ्या जागेतही चालतो. त्याची चाल जितकी अधांतरी आहे तितकी सर्वत्र आहे. त्या मुलाने मात्र विहिरीपाशी एक चाल ठेवली आणि घायपाताआड दुसरी. ज्या चालीस कुंपण लागते ती चाल चालणाऱ्याने स्वतःच दोषी ठरविलेली असते. बाप म्हणतो पंचास दिसले नाही. पण मुलाने ते दिसू नये अशी जागा निवडली, म्हणजे त्यास ते दिसत होते.

येथपर्यंत आमचे उत्तर सोपे होते. पुढे ते सोपे राहत नाही, कारण जो नियम डोळ्यावर चालतो तो निष्पाप माणसासही मारतो.

२००० साली सिडनी येथे स्त्रियांची २० किलोमीटरची शर्यत झाली. ऑस्ट्रेलियाची जेन सॅव्हिल आपल्या स्वतःच्या शहरात सर्वांच्या पुढे चालत स्टेडियमपाशी आली. आत लाखभर माणसे तिची वाट पाहत होती. आत शिरण्याच्या बोगद्याच्या तोंडाशीच मुख्य पंचाने तिला लाल पाटी दाखविली. तिसऱ्या पंचाचा तिच्याविरुद्धचा निर्णय आला होता, आणि ती बाद झाली. तिच्याआधी त्याच शर्यतीत पुढे असलेल्या आणखी दोघी अशाच बाद झाल्या होत्या. सुवर्णपदक चीनच्या वांग लिपिंगला मिळाले. सॅव्हिल रडत रस्त्यावर उभी राहिली, ते दृश्य पुष्कळांनी पाहिले आहे. तिने कुंपण शोधले होते असे म्हणण्यास काहीही आधार नाही. अठरा-एकोणीस किलोमीटर चालून थकलेले पाय सुटले, आणि नेमके पंचांपुढे सुटले. त्याच खेळांत पुरुषांच्या २० किलोमीटरमध्ये मेक्सिकोचा बर्नार्डो सेगुरा पहिला आला, झेंडा घेऊन मिरवला, आणि आपल्या देशाच्या अध्यक्षांशी फोनवर बोलत असता त्यास बाद झाल्याचे कळविण्यात आले. सुवर्णपदक पोलंडच्या रॉबर्ट कोर्झेन्योव्स्कीकडे गेले.

हा कोर्झेन्योव्स्की कोण होता, हे समजले म्हणजे ह्या गोष्टीस आणखी एक पदर येतो. आठ वर्षांपूर्वी, १९९२ साली बार्सिलोना येथे, ५० किलोमीटर चालून तो दुसऱ्या जागेवर स्टेडियमपाशी पोहोचला असता त्यासही तेथेच बाद करण्यात आले होते. पन्नास किलोमीटर! म्हणजे सोळा-सतरा कोस चालून दाराशी आल्यावर. त्याने शर्यत सोडली नाही. १९९६ साली अटलांटास ५० किलोमीटर, २००० साली सिडनीस २० व ५० दोन्ही, आणि २००४ साली अथेन्सला पुन्हा ५०, अशी चार सुवर्णपदके त्याने मिळविली. सॅव्हिलनेही २००४ साली अथेन्सला कांस्यपदक घेतले. ज्यांस आपला दोष स्वतःस दिसला नव्हता, त्यांनी तो इतरांच्या डोळ्यांनी पाहून घेतला आणि आपली चाल बदलली, असे आम्ही ह्याचे वाचन करतो. न्याय तेव्हा कठोर झाला की नाही, हे आम्हांस ठरविता येत नाही.

न्याय करणाऱ्यांवरही बंधने आहेत, आणि ती शहाणपणाची आहेत. एकाच पंचास एका चालणाऱ्याविरुद्ध दोनदा लाल पत्र देता येत नाही. बाद करावयाचे तर तीन वेगवेगळ्या पंचांनी वेगवेगळे पाहिलेले असले पाहिजे. दोघा-तिघा साक्षीदारांवाचून गोष्ट शाबीत होऊ नये, हा मोशेच्या नियमशास्त्रातील दंडक ज्यांस ठाऊक आहे त्यांस ह्यात नवल वाटणार नाही. त्यापूर्वी पिवळी पाटी दाखवून चालणाऱ्यास सावध करता येते; पाटीवर एक खूण पाय सुटल्याची असते व एक गुडघा वाकल्याची. अलीकडे आणखी एक सुधारणा झाली आहे. तिसरे लाल पत्र येताच एकदम बाहेर न काढता त्यास एका बाजूच्या जागेत ठरावीक वेळ, २० किलोमीटरच्या शर्यतीत २ मिनिटे, थांबवून ठेवतात, आणि मग पुन्हा चालू देतात; चौथे आले तरच तो बाद. दोष आणि नाश यांच्यामध्ये थोडी जागा ठेवण्याची ही युक्ती आम्हांस फार आवडली. आमच्या काही मंडळ्यांत शिस्तीचे काम ज्या रीतीने चालते ते पाहता, तिची माहिती तेथे पोहोचावी असे वाटते.

परंतु बापाने मास्तरांस आणखी एक प्रश्न विचारला होता, तो आम्ही मागे ठेवला. तो म्हणाला, “ह्यात कोणाचे काय गेले?”

ह्याचे उत्तर जॅरेड टॅलंट नावाच्या ऑस्ट्रेलियन चालणाऱ्यास विचारावे. २०१२ साली लंडन येथे ५० किलोमीटरमध्ये तो दुसरा आला. पहिला रशियाचा सर्गेई किर्द्याप्किन होता. त्याच्या पायांत पंचांस बाद करण्याजोगा दोष दिसला नाही. दोष रक्तात होता. निषिद्ध उपायांची चिन्हे त्याच्या रक्ताच्या नोंदींत सापडली, आणि २०१६ साली खेळांच्या लवादाने त्याचे पदक रद्द केले. त्याच वर्षी मेलबर्न येथे टॅलंटच्या गळ्यात सुवर्णपदक पडले. चार वर्षे उशिरा, लंडनच्या त्या गर्दीवाचून. पदक मिळाले खरे. पण शर्यत संपल्यावर जी घटका त्याची होती ती कोणास परत देता आली? न दिसलेल्या पावलाखाली नेहमी कोणी तरी असतो, आणि तो बहुधा दुसरा आलेला असतो. शाळेत दुसरा आलेला मुलगा कुंपणाआड चालला. त्यासही कुंपण होते. मास्तर लिहितात, की त्याच्याजवळ जुनेच दप्तर आहे आणि त्याचा बंद तुटलेला आहे.

आता मास्तरांच्या मूळ प्रश्नाकडे येतो. बक्षीस काढून घ्यावे काय? येथे आम्हांस आमचीच एक गोष्ट सांगणे भाग आहे. ती न सांगता सल्ला देणे योग्य होणार नाही.

आम्ही विशीत असताना एका खेड्यातील शाळेवर होतो. शाळा पाहण्यास वर्षातून एकदा तपासनीस येत, आणि पटावर किती मुले व हजर किती, यावर पुढील वर्षाचे अनुदान ठरे. त्या दिवशी आम्ही शेजारच्या वस्तीवरील मुलांस गूळ-शेंगदाण्याचे आमिष दाखवून आणून बसविले व पटावर नावे घातली. तपासनिसांनी डोकी मोजली; डोकी बरोबर भरली. कोणास काही दिसले नाही. तीन कोसांवर दुसरी एक शाळा होती. तेथील मास्तर वयाने आमच्याहून मोठे व स्वभावाने भिडस्त होते. त्यांनी असतील तेवढीच मुले बसविली. पुढच्या वर्षी पट कमी म्हणून त्यांची शाळा बंद झाली आणि ते बिऱ्हाड उचलून दूरच्या गावी गेले. तीन-चार वर्षांनी एका बाजारात ते आम्हांस भेटले. त्यांनी आमच्या शाळेची चौकशी केली, आणि पट चांगला आहे ऐकून आनंद दाखविला. आम्हांस तेथेच सांगता आले असते. आम्ही चहा मागविला, त्यांच्या मुलांची चौकशी केली, आणि निघून आलो. ते गृहस्थ आता हयात नाहीत.

ज्या मुलाने तिसऱ्या दिवशी शाळेत मागे राहून, कोणी न विचारता, आपली गोष्ट सांगितली, त्याने आम्हांस जे आजवर जमले नाही ते केले आहे. तेव्हा मास्तरांनी बक्षीस परत आण असा जो हुकूम केला तो न्यायाचा असला तरी घाईचा झाला, असे आम्हांस वाटते. मुलाने कबूल केले आणि त्याच संध्याकाळी त्यास शिक्षा मिळाली. वर्गातील इतर मुलांनी ह्यावरून काय धडा घेतला असेल? हाच, की गप्प बसणाऱ्याचे दप्तर त्याच्याजवळ राहते. दुसऱ्या बाजूने, काहीच न करावे तर तुटक्या बंदाचे दप्तर घेऊन येणाऱ्या मुलास आपण काय सांगणार? कबुली दिली म्हणजे देणे फिटले, असे आम्ही कोणत्याही सावकाराच्या वहीत लिहिलेले पाहिलेले नाही.

म्हणून आम्ही मास्तरांस असे कळविले, की शर्यतीचा निकाल आहे तसाच राहू द्यावा. पंचांनी पाहिले ते लिहिले. त्यांच्याकडे दोष नाही, आणि मागाहून निकाल फिरविला तर पुढल्या वर्षी दर शर्यतीनंतर महिनाभर साक्षी-पुरावे चालतील. परंतु मुलास बोलावून घ्यावे, त्याने जे सांगितले त्याबद्दल त्यास शाबासकी द्यावी, आणि मग विचारावे, की दप्तराचे काय करावयाचे ते तूच सांग. हुकूम करू नये. दुसऱ्याच्या दारापर्यंतचा रस्ता त्याचा त्याने चालावा. त्या रस्त्यावर पंच नसावा. बापासही घरी जाऊन भेटावे, त्याचा मोबाइल मागून घ्यावा, आणि तेच चित्र त्याच्या मुलाबरोबर बसून पुन्हा पाहावे. त्यातला चालणारा पंचापुढे आणि पंचामागे सारखाच चालतो की नाही, हे त्यासच शोधू द्यावे. तो माणूस वाईट नाही. आपले पोर चोर ठरते आहे असे वाटून तो घाबरला आहे, आणि घाबरलेला माणूस मोठ्याने बोलतो.

हा लेख छापण्यास जाण्यापूर्वी मास्तरांचे दुसरे पत्र आले. ते लिहितात, की बापाने चित्र पुन्हा पाहिले, पण काही बोलला नाही. मुलगा दप्तर घेऊन दोन वेळा दुसऱ्या मुलाच्या घरापर्यंत गेला आणि दोन्ही वेळा दारावरून परत आला. वह्यांपैकी सहा त्याने अगोदरच वापरल्या आहेत, त्याचे काय करावे ते त्यास समजत नाही. दुसऱ्या घरची आजी मात्र गेल्या रविवारी एकटीच उपासनेस येऊन मागे बसली होती.

पत्राच्या शेवटी त्यांनी विचारले आहे, की पुढील वर्षी घायपाताच्या वळणावर तिसरा पंच उभा करावा काय, की मुलांवर विश्वास ठेवावा. आमचे उत्तर, अवश्य उभा करावा. आणि तो पहिल्या मुलाचा बाप असला तरी आमची हरकत नाही.